परिज्जी कुणाचे

वऱ्हाडात एसटीत शेजारी बसलेला माणूस तिकीट काढायच्या आधी तीन गोष्टी विचारून घेतो. कोन्त्या गावचे, आडनाव काय, कोनाचे. त्यात आगाऊपणा नसतो. दोन-चार प्रश्नांत कुठली तरी मावशी, कुणाचा तरी साडू निघतो आणि मग तो निवांत होऊन तंबाखू मळायला लागतो. माझ्या वडिलांकडून मात्र काहीच निघायचं नाही. बडनेऱ्यापासून मूर्तिजापूरपर्यंत खणत नेलं तरी पाणी लागायचं नाही.

एकदा मी सोबत असताना एका टोपीवाल्या म्हाताऱ्याने फारच चिकाटी धरली. बाबा शेवटी वैतागून म्हणाले, "आम्ही परिज्जी."

म्हातारा विचारात पडला. "परिज्जी म्हंजे खामगावकडले काय?"

"नाही. कनान देशातले."

"हां हां," म्हातारा मान हलवत म्हणाला, "आहेत थ्या बाजूले. बरे लोकं आहेत."

बाबा हसून हसून लाल झाले. मी खिडकीबाहेर बघत राहिले. मला त्या विनोदाचं कधी हसू आलं नाही, कारण त्याच्या खाली काय आहे ते मला ठाऊक होतं.

बाबा मूर्तिजापूरहून अचलपूरला जाणाऱ्या छोट्या गाडीत सापडले होते. बाकाखाली झोपलेले, एकटे, तीनेक वर्षांचे असावेत. गार्डाने त्यांना एका मिशनच्या बोर्डिंगात नेऊन पोचवलं. तिथे त्यांना नाव मिळालं, जुन्या करारातलं. जन्मतारीखही मिळाली, बोर्डिंगात दाखल झाले तीच. पुढे ते शिकले, अमरावतीला एका शाळेत इतिहास शिकवायला लागले, माझ्या आईशी लग्न केलं. आईला आत्या, मामा, चुलते इतके की लग्नाच्या फोटोत तिची बाजू मावत नव्हती. बाबांच्या बाजूला बोर्डिंगचे पाळक उभे होते आणि एक स्वयंपाकी.

बोर्डिंगात संध्याकाळच्या प्रार्थनेनंतर मुलांकडून वंशावळी पाठ करून घ्यायचे. जलप्रलय ओसरल्यावर नोहाच्या तीन मुलांपासून जगातले सगळे लोक कसे झाले त्याची ती जंत्री. तिथे प्रत्येकाला बाप आहे. हित्तींना आहे, यबूसींना आहे, अमोरी, गिर्गाशी, हिव्वी, सगळे कनानच्या घरचे. परिज्जी नाहीत. पण पुढे जेव्हा जेव्हा तो देश अब्राहामाच्या वंशजांना द्यायची गोष्ट निघते आणि तिथून कुणाकुणाला घालवायचं त्यांची नावं घेतली जातात, तेव्हा परिज्जी बहुतेक असतातच. "जन्माच्या यादीत नाहीत आणि हाकलायच्या यादीत हजर," बाबा म्हणायचे. लहानपणी त्यांनी मास्तरांना विचारलं होतं, सर, परिज्जींचा बाप कोण? मास्तर म्हणाले होते, आधी तुझा शोध. सगळा वर्ग हसला. बाबा ही गोष्ट स्वतः हसत सांगायचे आणि मला त्या मेलेल्या मास्तरांच्या थोबाडीत मारावीशी वाटायची.

तेव्हापासून बाबांनी परिज्जींचा पिच्छा पुरवला. पाळकांच्या कपाटातले ग्रंथ, नागपूरहून मागवलेली पुस्तकं, पुढे माझ्या मोबाईलवर जे सापडेल ते. त्यांच्याबद्दल तिघे तीन गोष्टी सांगतात. कुणी म्हणतं, तटबंदी नसलेल्या उघड्या खेड्यांत राहणारे ते परिज्जी, म्हणजे ही वेगळी जमातच नव्हे, नुसते शेतकरी. "म्हणजे आपले बार्शीटाकळीवाले," आई भाकरी थापता थापता म्हणायची. कुणी म्हणतं, ते कनानींच्याही आधीचे, डोंगराळ जंगलात राहणारे. आणि कुणाला उत्तरेकडच्या एका जुन्या मातीच्या विटेवर त्यांच्यासारखं नाव दिसलं म्हणून ते उत्तरेतून आलेले. या शेवटच्या मतावर बाबांचा फार राग. "मिळतंजुळतं नाव दिसलं की नातं लावून मोकळे! पुरावा कुठाय?" इतिहासाचे मास्तर होते. पुरावा नसेल तिथे गप्प बसायचं, हे त्यांनी शाळेतल्या पोरांना आणि मला सारखंच शिकवलं.

शलमोन राजाने उरलेल्या परिज्जींना वेठीला धरलं, त्याच्यानंतर एकदा परक्या बायका करण्यावरून त्यांचं नाव निघतं आणि मग ते कुठेच दिसत नाहीत. मी एकदा विचारलं, शेवटी काय झालं त्यांचं? बाबा म्हणाले, "होणार काय? कुणाच्या तरी घरात मिसळले असतील. लग्नं झाली, पोरं झाली, पोरांनी विचारलं नाही." रविवारी चर्चहून आल्यावर ते पुस्तकात डोकं घालून बसले की आई ओरडायची, "तुमचे परिज्जी जेवून गेले असतील तर आता तुम्ही उठा!"

आई गेली, बाबा निवृत्त झाले होतेच. मी तोवर अकोल्याला एका शाळेत विज्ञान शिकवत होते. बाबा महिन्यातून दोन-तीनदा माझ्याकडे यायचे. अशाच एका खेपेला आम्ही आठवडी बाजारात गेलो आणि मेथी विकणारा एक माणूस बाबांकडे बघतच राहिला. पन्नाशी-साठीचा, अंगात बंडी. मी कोथिंबीर निवडत होते.

"गुरुजी, राग नका मानू," तो म्हणाला, "तुमी हुबेहूब माह्या बापासारखे दिसता." आणि त्याने खिशातून मोबाईल काढून हार घातलेला एक फोटो दाखवला. मधेच मोडल्यासारखं नाक. बाहेर आलेले कान. मी फोटो पाहिला, बाबांकडे पाहिलं, आणि हातातली कोथिंबीर तशीच परत ठेवली.

तो बार्शीटाकळीजवळच्या एका खेड्यातला. भाजी आणि फुलांचा मळा. त्याच्या जन्माआधी त्याचा थोरला भाऊ हरवला होता. आईबाप परतवाड्याच्या पुढे बहिरमच्या जत्रेला गेले होते. परतताना अचलपूरच्या स्टेशनवर छोट्या गाडीत चढायची झुंबड उडाली, आणि तीन वर्षांचं पोर हातातून सुटलं. गाडी निघून गेली. पोर फलाटावरही नव्हतं आणि पुढच्या स्टेशनांवरही कुणाला दिसलं नाही. "बुढी अजून आहे," तो म्हणाला. "नव्वदीची असन. येता काय?"

बाबा त्या दिवशी भाजी न घेताच घरी आले.

पुढच्या रविवारी चर्च चुकवून आम्ही त्या गावी गेलो. म्हातारी अंगणात बाजेवर बसून झेंडूचे हार ओवत होती. तिने सुई खोचून ठेवली, बाबांना हाताला धरून जवळ बसवलं, चेहऱ्यावरून हात फिरवला. मग कुणाला काही कळायच्या आत तिने त्यांचा सदरा वर केला आणि पोटावरून तळवा फिरवत राहिली. सत्तरीला आलेला माझा बाप लहान पोरासारखा गप्प बसून होता. मग सदरा खाली ओढून म्हणाली, "लय वाळला. जेवून घे."

मळ्यातल्या बाया रडायला लागल्या. तो भाजीवाला, ज्याला मी पुढे काका म्हणायला लागले, तोही रडला. मीही रडले, आणि मी ऊठसूट रडणारी बाई नाही.

त्यानंतर बाबा बदलले. दर आठवड्याला अमरावतीहून अकोला, अकोल्याहून बार्शीटाकळी, तिथून ऑटोने मळ्यात. मेथीच्या जुड्या बांधायला शिकले. म्हातारी त्यांना दिवसभर धारेवर धरायची. उन्हात काहून बसला, डोक्याले बांध काही, एवढासा जेवते मानूस, मास्तरकी करून पोट मेलं तुह्यं. ते परत आले की मला सांगायचे, "आज आई रागावली." आयुष्यात त्यांनी हा शब्द स्वतःसाठी कधी वापरला नव्हता. बोलताना त्यांचा आवाज कोवळा व्हायचा आणि मला ते सहन व्हायचं नाही. काकांना त्यांनी पहिल्याच महिन्यात सांगून टाकलं, "वावरात हिस्सा नको मला. ताटात असू द्या."

मी विज्ञानाची मास्तरीण. एकदा धीर करून म्हटलं, "बाबा, रक्ताची तपासणी करून घेऊ. आजकाल सोपं आहे, अंदाजाला जागाच राहत नाही."

"नको."

"मिळत्याजुळत्या नावावरून नातं लावणाऱ्यांवर तुम्ही जन्मभर चिडलात. आणि आता मिळत्याजुळत्या नाकावर विश्वास ठेवता?"

ते जुडी बांधायचा दोरा बोटाला गुंडाळत राहिले. मग म्हणाले, "परिज्जींना कुणी जेवायला बोलावलं नव्हतं गं."

मी पुढची जुडी त्यांच्यापुढे सरकवली.

मग आखाजी आली. अक्षय तृतीयेला वऱ्हाडात पितरांना जेवू घालतात. मातीची घागर भरून ठेवायची, आमरस, पुरणपोळी, कुरडया, सगळं पळसाच्या पानावर वाढायचं आणि घरातल्या गेलेल्या एकेका माणसाचं नाव घेऊन निखाऱ्यावर तुपाचा घास टाकायचा. त्या घरी नावं म्हातारी सांगायची, कारण पाच पिढ्यांची नावं तिलाच पाठ होती, आणि घास काका टाकायचे. बाबा भिंतीला टेकून ऐकत होते. पणजोबा, आजोबा, चुलत आजोबा, कुणी सापाने गेलेला, कुणी बाळंतपणात गेलेली. बोर्डिंगात पाठ केलेल्या वंशावळींपेक्षा ही यादी छोटी होती, पण बाबा हात जोडून बसले होते.

जेवणं झाल्यावर मी आणि काका ओट्यावर बसलो होतो. ते सहज बोलत होते. "दादा सापडला म्हून, नाहीतं या दिवशी घरात भांडनच राहे. बाप म्हने, पोरगा मेला असन, त्याच्या नावानं घास टाकू, त्याच्या जीवाले शांती भेटन. एका वर्षी त्यानं नाव घेतलंच. मायनं अख्ख्या निखाऱ्यावर पान्याची बादली ओतली. म्हने, मेल्याचं पाहून या आन् मंग घास टाका. त्याच्यानंतर कोनाची हिंमत नाही झाली."

मग हसून म्हणाले, "आन् दादाचे थे डाग असतीन ना अजून? का फिक्के झाले? पोट फुगे त्याचं, म्हून मायनं इळा तापवून तीन डाग देल्ले होते. बेंबीच्या बाजूले. थे आठवून आठवून रडे बुढी."

त्याच्या आदल्या वर्षी बाबांचं हर्नियाचं ऑपरेशन झालं होतं, आणि जखमेची पट्टी रोज मीच बदलत होते. माझ्या वडिलांच्या पोटाचा इंचनइंच मला माहीत होता. तिथे एकही डाग नव्हता. तापल्या विळ्याचा डाग जन्मभर जात नाही, हे सांगायला विज्ञान लागत नाही.

मग पहिल्या दिवशी सदरा वर करून म्हातारीने काय पाहिलं? मी स्वतःची समजूत घातली. नव्वदीचं माणूस, नजर अधू, हाताला काय कळणार. किंवा विसरली असेल.

परतताना बार्शीटाकळीहून एसटी धरली. मांडीवर लोणच्याची बरणी घेऊन बाबा पुढच्या बाकावर बसले होते आणि मी मागे. आता उतरल्यावर सांगायचंच, असं मी ठरवत होते. जन्मभर पुरावा पुरावा करणाऱ्या माणसाला खोट्यात जगू देणं मला बरं वाटेना. इतक्यात शेजारच्या माणसाने बाबांना विचारलं, "कोन्त्या गावचे?"

बाबांनी गाव सांगितलं.

"कोनाचे?"

बाबांनी मळ्याचं नाव घेतलं, त्या फोटोतल्या माणसाचं नाव घेतलं, आणि म्हणाले, "त्यांचा थोरला."

"आयला! मंग तं तुमी आमच्या साडूच्या शेजारचे!" तो माणूस वळून बसला. विहिरी निघाल्या, लग्नं निघाली, कुणाची तरी वारलेली म्हैस निघाली. त्याने तंबाखू मळून बाबांपुढे हात केला. बाबांनी आयुष्यात तंबाखूला शिवलं नव्हतं. त्यांनी चिमूट उचलली आणि तोंडात टाकली, आणि अकोला येईपर्यंत ठसकत राहिले.

मी सांगितलं नाही. त्या दिवशी नाही, नंतरही नाही. काय म्हणून सांगायचं? त्या माणसाला सत्तर वर्षांनी एक बाकावरचा शेजारी मिळाला होता.

त्या पावसाळ्यात एकदा मी विचारलं, "परिज्जींचं काय करताय हल्ली? पुस्तकं उघडलेली दिसत नाहीत."

"राहू दे त्यांना," बाबा म्हणाले. "असतील कुठे तरी बरे."

थंडीत बाबा गेले. अमरावतीला, सकाळी दाढी करताना. हृदयाचा झटका. शेजाऱ्यांनी फोन केला तेव्हा मी वर्गात होते. पोचले तोवर कुणी तरी त्यांच्या चेहऱ्यावरचा साबण पुसून काढला होता, फक्त एका कानामागे थोडा राहिला होता. तो मी पदराने पुसला. अजून कधी कधी हात धुताना साबणाचा वास आला की मला तिथेच खाली बसावंसं वाटतं.

चर्चच्या कबरस्तानात त्यांना पुरलं. काका टेम्पोभर झेंडू घेऊन आले होते. त्यांनी पाळकांना विचारून गेटबाहेर डोकं भादरून घेतलं. म्हातारीला आणण्यासारखी तिची तब्येत नव्हती. "काही बोलली नाही," काका म्हणाले. "हार ओवत होती, थे ओवतच राह्यली."

आणि मग माझी झोप उडाली. वर्षभरात गेलेल्या माणसाची घागर पहिल्या आखाजीला भरतात. म्हणजे या आखाजीला त्या घरी हरवलेल्या पोराचं नाव घेऊन घास पडणार. ज्या बाईने साठ-पासष्ट वर्षं आपलं पोर मरू दिलं नाही, ती आता त्याला आपल्या तोंडाने मेला म्हणणार, आणि तो मेलाच आहे असं कुणीही पाहिलेलं नाही. तो कुठे तरी म्हातारा होऊन बसला असेल. माझ्या गप्प बसण्याने एका आईचा जिवंत मुलगा निखाऱ्यावर जाणार होता. सांगावं, तर माझ्या बापाला त्या घरातून मेल्यावर हाकलल्यासारखं होणार. ज्याला एकदाच कुणी आपला म्हटलं, त्याचं तेवढंही काढून घ्यायचं. मी महिनाभर या दोन गोष्टी उलटसुलट करत होते. बाबा असते तर म्हणाले असते, पुरावा आहे ना, मग बोल. मी ठरवलं, बोलायचं.

आखाजीला गेले तेव्हा सगळी तयारी झाली होती. म्हातारी चुलीपाशी भिंतीला पाठ लावून बसली होती, आणखी बारीक झालेली. मी तिच्या पाया पडले. "आजी, मला तुमच्याशी थोडं एकटीत बोलायचं आहे."

"मंग बोल. आधी हे होऊ दे. निखारे इझतीन." तिने मला हाताला धरून शेजारी बसवलं, आणि हात सोडला नाही.

नावं सुरू झाली. पणजोबा, आजोबा, सापाने गेलेला, बाळंतपणात गेलेली. सासरा. सासू. नवरा. प्रत्येक नावाला काका घास टाकत होते आणि तूप चरचरत होतं. आता बोलले नाही तर संपलं, असं वाटत होतं, आणि तोंड उघडत नव्हतं.

मग म्हातारीने माझ्या वडिलांचं नाव घेतलं. मिशनने ठेवलेलं, जुन्या करारातलं, त्या घरात कधीच कुणी न उच्चारलेलं नाव. ती त्यांना नेहमी 'लेका' म्हणायची. ते नाव तिने सावकाश, एक अक्षर न चुकवता घेतलं.

काकांचा हात थांबला. "माय, घरचं नाव घे ना दादाचं. आपन ठेवलेलं."

"त्याचं काहून घेऊ?" म्हातारी म्हणाली. "थो मेला काय? मेला हा."

काका तिच्याकडे बघत होते, मग माझ्याकडे बघायला लागले. मी मान खाली घातली.

"मले पयल्याच दिवशी समजलं," म्हातारी म्हणाली. "डाग म्या देल्ले, मले नाही समजनार काय? पन दारात आलता. भुका होता. त्याले कोनाचा हायेस म्हून इचारत बसू? माह्या लेकराले बी कोन्या बाईनं तसंच जेवू घातलं असन. तिनं इचारलं असतं तं थो जगला असता काय?" तिने माझा हात दाबला. मग काकांना म्हणाली, "टाक घास. माहा पोरगाच होता हा बी."

काकांनी घास टाकला. त्यांच्या डोळ्यांतलं पाणी निखाऱ्यावर पडलं असेल, मला दिसत नव्हतं. मी मोठ्याने रडत होते, बाबा गेले त्या दिवशी रडले नव्हते तशी.

म्हातारीने मला रडू दिलं. मग पुढच्या घासाकडे बोट दाखवून तिने विचारलं, "तुह्या मायचं नाव काय होतं?"

मी आईचं नाव सांगितलं.